लालबागेच्या दारावरील एक वाक्य

इंदूर शहरात खान नदीच्या काठी जी लालबाग आहे, तिचे नाव माळव्यातील मराठी माणसाला नव्याने सांगावयास नको. दुसऱ्या तुकोजीराव होळकरांच्या वेळी, १८८६ च्या सुमारास, तेथील राजवाड्याचे काम सुरू झाले आणि तिसऱ्या तुकोजीरावांच्या कारकिर्दीत, १९२१ साली, ते पुरे झाले. लंडनच्या बकिंगहॅम राजवाड्याच्या दारांच्या धर्तीवर घडविलेली लोखंडी दारे पाहून प्रवासी थबकतो, आणि मग त्याची दृष्टी दारावरच्या होळकरांच्या राजचिन्हाकडे जाते. या राजचिन्हाचे बोधवाक्य असे आहे : ‘प्राहोमेशो लभ्या श्रीः कर्तुः प्रारब्धात्’. जो प्रयत्न करतो त्याला यश मिळते, असा त्याचा अर्थ सांगण्यात येतो, आणि तो बरोबर आहे.

श्रोतेहो, राजवाडे आणि राजचिन्हे हा आजच्या भाषणाचा विषय नव्हे. विषय आहे तो वाक्य. सुटे शब्द एकत्र येतात आणि त्यांतून एक अर्थ उभा राहतो, ही गोष्ट इतकी नित्याची झाली आहे की तिच्यात काही नवल आहे असे कोणास वाटत नाही. पण लालबागेच्या दारावरचे हे लहानसे वाक्य जरा उकलून पाहिले, तर ते नवल ध्यानात येते.

संधी सोडविला म्हणजे या वाक्यात सहाच शब्द उरतात : प्राह, उमेशः, लभ्या, श्रीः, कर्तुः, प्रारब्धात्. उमेश म्हणाला, कर्त्याला त्याने हाती घेतलेल्या कार्यापासून श्री लाभण्याजोगी आहे. मराठीत ‘प्रारब्ध’ म्हणजे दैव. येथे तो शब्द मूळच्या संस्कृत अर्थाने, म्हणजे ‘आरंभिलेले काम’ या अर्थाने आला आहे. निव्वळ मराठी कानांनी हे वाक्य ऐकणारा त्याचा नेमका उलटा अर्थ लावून बसेल! परंतु शब्दार्थाचा हा घोटाळा बाजूला ठेवला तरी चार गोष्टी उरतात. पहिली, या वाक्यात ‘आहे’ हा शब्द नाही, तरी तो ऐकणाऱ्याला उमगतो. दुसरी, एका वाक्याच्या पोटात दुसरे वाक्य आहे, पण दोहोंना सांधणारा ‘की’ किंवा ‘असे’ यांसारखा शब्द मध्ये नाही. तिसरी, जो करणारा, तो येथे षष्ठी विभक्तीत आहे, आणि ‘लभ्या’ हे पद त्याच्याशी न जुळता ‘श्री’शी जुळून स्त्रीलिंगी झाले आहे. चौथी गोष्ट सर्वांत मौजेची आहे. ‘उमेशः’ हा शब्द बाहेरच्या वाक्याचा शेवट, आणि ‘लभ्या’ हा आतल्या वाक्याचा आरंभ. तरी ‘लभ्या’मधील ‘ल’काराच्या सान्निध्यामुळे ‘उमेशः’चा ‘उमेशो’ झाला. उच्चाराने दोन वाक्यांमधली भिंत मुळीच जुमानली नाही. म्हणजे जे कानावर पडते ते एक, आणि मनात जे रचले जाते ते दुसरे.

ही जी मनातली रचना, तिचा अभ्यास करणारे शास्त्र म्हणजे वाक्यविन्यासाचे शास्त्र. त्याची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. कोकणी भाषेचे फादर स्टीफन्स यांनी लिहिलेले व्याकरण त्यांच्या मृत्यूनंतर १६४० साली गोव्यात रायतूर येथे छापले गेले. त्याला साचा होता लॅटिन व्याकरणाचा. विल्यम केरी यांचे मराठी व्याकरण श्रीरामपूर येथे १८०५ साली निघाले. दादोबा पांडुरंगांचे व्याकरण १८३६ चे, आणि मोरो केशव दामले यांचे ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ १९११ चे. हे दामले काही काळ इंदुराशेजारच्या उज्जैनला माधव महाविद्यालयात अध्यापक होते, याची आठवण माळव्यातील श्रोत्यांना अभिमानास्पद वाटावी.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात या शास्त्राला नवे वळण लावले ते अमेरिकेतील नोम चॉम्स्की यांनी. १९५७ साली त्यांचे ‘सिंटॅक्टिक स्ट्रक्चर्स’ हे छोटेखानी पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यांनी विचारलेला प्रश्न साधा होता. कोणत्याही मुलाने पूर्वी कधी न ऐकलेली वाक्ये ते बिनदिक्कत बोलते आणि समजते. तेव्हा त्याच्या मनात वाक्यांची यादी साठविलेली नसून वाक्ये निर्माण करणारी काही यंत्रणा असली पाहिजे. ती यंत्रणा कोणती? आरंभी उत्तर देण्यात आले ते नियमांच्या भाषेत. प्रश्नार्थक वाक्यासाठी एक नियम, कर्मणी रचनेसाठी दुसरा, संबंधी वाक्यासाठी तिसरा. नियम वाढत गेले, आणि एक अडचण उभी राहिली. एवढे गुंतागुंतीचे नियम तीन-चार वर्षांचे मूल, कोणी न शिकविता, आत्मसात करते तरी कसे? १९८१ च्या सुमारास या नियमांच्या जंजाळातून काही सर्वसामान्य तत्त्वे वेगळी काढण्यात आली. पुढे १९९५ साली ‘द मिनिमलिस्ट प्रोग्रॅम’ या ग्रंथात चॉम्स्की यांनी प्रश्नच फिरवून मांडला. वाक्यरचनेसाठी काय काय लागते असे न विचारता, कमीत कमी किती लागले असता भागते, असे त्यांनी विचारले. या विचारसरणीला मराठीत ‘लाघववाद’ म्हणावयास हरकत नसावी.

लाघव हा शब्द आपल्या व्याकरणशास्त्रात मुरलेला आहे. पाणिनीने सुमारे चार हजार सूत्रांत संस्कृत भाषा बांधली. अर्ध्या मात्रेची बचत झाली तरी वैयाकरणाला पुत्रजन्माचा आनंद होतो, ही उक्ती प्रसिद्धच आहे. काशीत राहिलेल्या नागेश भट्ट या महाराष्ट्रीय पंडिताच्या ‘परिभाषेन्दुशेखर’ ग्रंथात ती नोंदलेली आहे. पण या दोन लाघवांत एक भेद आहे, आणि तो विसरता कामा नये. पाणिनीचे लाघव हे सांगण्याचे लाघव होय. शास्त्रकाराने आपले शास्त्र थोडक्यात मांडावे, हा त्याचा हेतू. आधुनिक लाघववादाचा दावा याहून धाडसी आहे. शास्त्रकाराच्या पोथीतच नव्हे, तर माणसाच्या मनातच भाषेची यंत्रणा लहान आहे, असे तो म्हणतो.

ही यंत्रणा किती लहान? तिच्या मुळाशी एकच क्रिया मानली आहे : दोन वस्तू घ्यावयाच्या आणि त्यांची एक वस्तू करावयाची. हिला ‘जोडणी’ म्हणू. ‘लाल’ आणि ‘बाग’ यांची जोडणी झाली, ‘लाल बाग’ ही नवी वस्तू तयार झाली. आता ही वस्तू पुन्हा जोडणीला मोकळी : ‘लाल बागेचे दार’, ‘लाल बागेच्या दाराची कमान’, ‘लाल बागेच्या दाराच्या कमानीवरचे अक्षर’. कोठे थांबावयाचे ते दम लागला म्हणजे. व्याकरण थांबा म्हणत नाही. एकच क्रिया, पण तिचेच फळ तिलाच पुन्हा पुरविता येते, म्हणून थोड्या शब्दांतून अगणित वाक्ये निघतात.

जोडणी कोणत्या क्रमाने झाली यावर अर्थ अवलंबून असतो, आणि तो क्रम उच्चारात दिसेलच असे नाही. ‘सुंदर बागेचे दार’ असे कोणी म्हटले, तर सुंदर काय, बाग की दार? ‘सुंदर’ आणि ‘बाग’ यांची जोडणी आधी झाली असेल तर बाग सुंदर. ‘बागेचे’ आणि ‘दार’ यांची आधी झाली असेल तर दार सुंदर. शब्द तेच, त्यांचा अनुक्रम तोच, पण अर्थ दोन. ‘सुंदर’ऐवजी ‘जुना’ हे विशेषण योजले म्हणजे मराठी लागलीच निकाल देते : ‘जुन्या बागेचे दार’ म्हटले की बाग जुनी, ‘जुने बागेचे दार’ म्हटले की दार जुने. विशेषणाच्या शेवटचा तो एवढासा स्वर मनातल्या जोडणीचा क्रम कानाला कळवितो. भाषा-भाषांतले भेद बहुतांशी असल्या बारीकसारीक प्रत्ययांत राहतात. जोडणी सर्वत्र सारखीच असते, असे लाघववादाचे म्हणणे आहे.

या म्हणण्याची कसोटी मराठीवर घेऊन पाहावी. शाळेत प्रत्येकाने कर्तरी, कर्मणी आणि भावे असे तीन प्रयोग पाठ केलेले असतात. ‘मुलगा पोथी वाचतो’, ‘मुलगी पोथी वाचते’. येथे क्रियापद कर्त्याप्रमाणे बदलते, म्हणून हा कर्तरी. ‘मुलाने पोथी वाचली’, ‘मुलाने धडा वाचला’. येथे ते कर्माप्रमाणे बदलते, म्हणून हा कर्मणी. ‘शिपायाने चोराला पकडले’, ‘मुलींनी चोरांना पकडले’. येथे ते कोणाप्रमाणेच बदलत नाही, म्हणून हा भावे. तीन प्रयोग, तीन नियम. त्यांतून ‘तू पोथी वाचलीस’ यासारखे वाक्य आले की वैयाकरणांना संकर प्रयोग नावाचे चौथे दालन उघडावे लागते, आणि मराठीत प्रयोग किती या प्रश्नावर थोर थोर पंडितांनी वाद घातलेले आहेत.

आता हे सर्व एका नियमात बसते का, ते पाहा. क्रियापद आपला जोडीदार शोधीत असते असे समजा. त्याचा शोध वरून खाली चालतो. ‘ने’ किंवा ‘ला’ यांसारख्या प्रत्ययाने ज्याचे दार लागलेले आहे, त्या नामापाशी ते थांबत नाही. ज्या पहिल्या नामाचे दार उघडे सापडते, त्याचे लिंग आणि वचन ते घेते. ‘मुलगा पोथी वाचतो’ यात मुलाचे दार उघडे आहे, काम तेथेच झाले. ‘मुलाने पोथी वाचली’ यात मुलाचे दार ‘ने’ने लागले, शोध पुढे गेला आणि पोथीपाशी थांबला. ‘शिपायाने चोराला पकडले’ यात दोन्ही दारे बंद. जोडीदार सापडला नाही, म्हणून क्रियापदाने नपुंसकलिंगी एकवचनाचे ठरीव रूप घेतले. तीन प्रयोग हे तीन नियम नव्हेत. एकाच शोधाचे ते तीन परिणाम आहेत. हिंदीत ‘सिपाही ने चोर को पकड़ा’ असे म्हणतात. तेथेही दारे बंद, तेथेही ठरीव रूप. मात्र हिंदीत नपुंसकलिंग नसल्यामुळे ते ठरीव रूप पुल्लिंगी. शोध तोच, फरक एका स्वराचा.

येथे कोणी म्हणेल, ‘मी पोथी वाचली’ या वाक्याचे काय? ‘मी’ला ‘ने’ लागलेला नाही, दार उघडे दिसते, तरी क्रियापद पोथीकडे कसे गेले? शंका योग्य आहे, आणि तिचे उत्तर उद्बोधक आहे. जुन्या मराठीत येथे ‘म्यां’ असे रूप होते, ‘तू’साठी ‘त्वां’ होते. ‘म्यां पोथी वाचिली’ हे वाक्य आजोबा-पणजोबांच्या लिखाणात सहज सापडते. पुढे उच्चार झिजला, अनुस्वार गेला, ‘म्यां’चे ‘मी’ झाले. पण मनातले दार बंद होते ते बंदच राहिले. हिंदीत ते आजही उघड दिसते : ‘मैंने पोथी पढ़ी’. मराठीने जे झाकले ते हिंदीने दाखविले. आणि ‘तू पोथी वाचलीस’ यात ‘ई’ पोथीकडून आली, शेवटचा ‘स’ ‘तू’कडून आला. लिंग-वचनाचा शोध वेगळा आणि पुरुषाचा शोध वेगळा असे मानले की संकर प्रयोगाचे गूढ उरत नाही. मराठीतील या व्यवस्थेचा इतिहास आणि तिच्या भगिनी-भाषांतील प्रकार यांवर अश्विनी देव यांच्यासारख्या अभ्यासकांनी अलीकडे बारकाईने लिहिले आहे.

लालबागेच्या दारावरचे ‘लभ्या’ हे पद ‘श्री’शी का जुळले, तेही आता सहज उमगते. कर्ता षष्ठीच्या प्रत्ययाने बंद. प्रथमेत उघडी राहिली ती श्री. अशा कृदन्तांचा कर्ता विकल्पाने षष्ठीत येतो, हे पाणिनीने सांगून ठेवले आहे. ‘मुलाने पोथी वाचली’ म्हणणारे मराठी मूल आणि ते बोधवाक्य रचणारा पंडित या बाबतीत एकाच वाटेने गेले.

पण दार बंद झाल्याने कर्त्याचे कर्तेपण जाते काय? तेही नाही. ‘शिपायाने चोराला आपल्या घरी नेले’ या वाक्यातले घर शिपायाचे, हे कोणत्याही मराठी माणसाला विचारावे. ‘मुलीला आपले घर आवडते’ यात ‘मुलीला’ हे पद चतुर्थीचे, क्रियापद तिच्याशी जुळत नाही. तरी ‘आपले’ म्हणजे मुलीचेच. ‘आपला’ हा शब्द विभक्ती पाहत नाही, क्रियापदाची जुळणी पाहत नाही. जोडणीत जो वरच्या जागी बसला आहे त्याच्याकडे तो पाहतो. मराठीतील ‘आपण’ आणि ‘स्वतः’ या शब्दांचे वर्तन काशी वाली या विदुषींनी १९७९ पासून जगाच्या अभ्यासकांपुढे मांडले, आणि इंग्रजीवरून बांधलेल्या काही सिद्धांतांना त्यामुळे पुन्हा तपासून घ्यावे लागले. ‘लक्ष्मणाला वाटते की आपण हुशार आहोत’ या वाक्यात ‘आपण’ आतल्या वाक्याची भिंत ओलांडून बाहेरच्या लक्ष्मणाला जाऊन भिडतो. इंग्रजीतील तत्सम शब्दाला हे साधत नाही. आपल्या घरातले साधे बोलणे शास्त्राच्या दरबारात साक्षीला उभे राहते, ते असे.

या सर्व खटाटोपाचा संसारी माणसाला उपयोग काय, हा प्रश्न आता विचारावयास हवा. आणि त्याचे उत्तर इंदुरात जितके निकडीचे आहे तितके पुण्यात नाही.

होळकरांच्या अंमलाबरोबर माळव्यात मराठी कुटुंबे आली आणि पिढ्यान्‌पिढ्या राहिली. १९४८ साली संस्थान मध्यभारतात आणि १९५६ साली मध्यप्रदेशात विलीन झाले. मराठी साहित्य संमेलने याच शहरात १९१७, १९३५ आणि २००१ साली भरली. आणि १९१८ व १९३५ साली गांधीजींच्या अध्यक्षतेखाली हिंदी साहित्य संमेलनेही येथेच झाली. एकाच १९३५ साली दोन्ही भाषांनी ज्या शहरात आपली गादी मांडली, तेथील मूल दोन्ही भाषा ऐकत वाढते यात नवल ते काय? घरात मराठी, रस्त्यावर हिंदी आणि माळवी, शाळेत हिंदी किंवा इंग्रजी. मग एके दिवशी नातवंड म्हणते, ‘आजी, माझी पुस्तक हरवली’, आणि आजीच्या पोटात धस्स होते. मराठी गेली, असे तिला वाटते. बाहेरगावचे पाहुणे हसतात. ‘तुमच्या इंदुरी मराठीला व्याकरण नाही’, असा शेरा मारावयासही कोणी कमी करीत नाही.

त्या वाक्याची शांतपणे तपासणी करावी. लाल पेन्सिल हाती असलेला परीक्षक त्यात दोन चुका दाखवील : ‘माझे’ऐवजी ‘माझी’, आणि ‘हरवले’ऐवजी ‘हरवली’. वस्तुतः चूक एकच आहे, आणि ती वाक्यात नाहीच. हिंदीत ‘पुस्तक’ हा शब्द स्त्रीलिंगी आहे. मुलाने तो शब्द मनाच्या कोठारात ठेवताना त्यावर हिंदीची चिठ्ठी लावली. त्यानंतर त्याने जे जे केले ते सर्व निर्दोष केले. विशेषण त्या लिंगाप्रमाणे जुळविले, क्रियापद त्याच लिंगाप्रमाणे जुळविले, शोध बरोबर चालविला, जोडणी बरोबर केली. ज्याला व्याकरण नाही असे हे मूल नव्हे. उलट, व्याकरण त्याच्यात इतके पक्के आहे की चुकीच्या चिठ्ठीचेही त्याने बिनचूक पालन केले. त्याने ‘माझी पुस्तक हरवले’ असे म्हटले असते तर काळजी करण्यास थोडे तरी कारण होते.

हीच गोष्ट ‘ने’ची. मराठीत तो तृतीय पुरुषालाच लागतो, हिंदीत तिन्ही पुरुषांना. दोन्ही भाषा ऐकणारे एखादे मूल ‘मीने सांगितले’ म्हणाले, तर त्याने मराठीच्या आतले बंद दार ओळखून त्यावर हिंदीची कडी लावली, एवढेच घडले. नागपूरकडे ‘तो काम करून राहिला आहे’ असे म्हणतात. त्यात हिंदीच्या ‘कर रहा है’ची छाया स्पष्ट आहे, पण शब्द आणि प्रत्यय मराठी आहेत आणि रचना सुसंगत आहे.

याहून ठळक उदाहरण सांगली जिल्ह्यातील कुपवाडचे. तेथे कानडी, उर्दू आणि मराठी बोलणारी कुटुंबे शतकानुशतके शेजारी राहिली. गम्पर्झ आणि विल्सन या अभ्यासकांनी १९७१ साली प्रसिद्ध केलेल्या निबंधात दाखविले की, या गावातील भाषांची वाक्यरचना इतकी एकरूप झाली आहे की एका भाषेतील वाक्याचे दुसरीत रूपांतर जवळजवळ शब्दास शब्द ठेवून करता येते. तरी प्रत्येक घराने आपले शब्द आणि आपले प्रत्यय जपले, कारण त्यांवरून घर ओळखू येत होते. वेगवेगळ्या कुळांच्या भाषा अशा एका मुशीत बसू शकतात, याचा अर्थ मूस मुळात एकच असली पाहिजे, असे लाघववादी म्हणेल. कोणी दुसरा म्हणेल की शेजाराने ती एक झाली. दोन्ही म्हणण्यांत तथ्य असू शकते.

दुसऱ्या बाजूचे म्हणणेही ऐकले पाहिजे. लाघववादाला विरोधक पुष्कळ आहेत. मूल भाषा शिकते ते माणसांच्या सहवासातून, ऐकलेल्या वाक्यांचे साचे हळूहळू सामान्य करीत. त्यासाठी जन्मजात यंत्रणा मानण्याचे कारण नाही, असे मायकेल टॉमासेलो यांच्यासारखे मानसशास्त्रज्ञ म्हणतात. डॅनियल एव्हरेट यांनी २००५ साली ब्राझीलमधील पिराहा या जमातीच्या भाषेत वाक्याच्या पोटी वाक्य येतच नाही असे प्रतिपादन केले, आणि २००९ साली इतरांनी त्याला सविस्तर उत्तर दिले. तो वाद मिटलेला नाही. आता तर प्रचंड मजकुरावर पोसलेली यंत्रे अस्खलित वाक्ये लिहू लागली आहेत, आणि त्यांनी हा प्रश्न नव्याने पुढे आणला आहे. पण त्या यंत्रांना जेवढा मजकूर पुरवावा लागतो, त्याचा अल्पसा अंशही इंदूरच्या त्या नातवंडाच्या कानावर पडलेला नसतो, हेही ध्यानात ठेवावे. स्वतः चॉम्स्की आपल्या विचाराला सिद्धांत न म्हणता कार्यक्रम म्हणतात. सिद्धांत खरा किंवा खोटा ठरतो. कार्यक्रम फलदायी ठरतो किंवा ठरत नाही. तीन प्रयोगांचा एक शोध झाला, हे फळ मराठी माणसाने चाखून पाहावे आणि मग आपला निर्णय करावा.

मात्र या विचारातून जो दिलासा मिळतो, त्याचा आळशी अर्थ कोणी करू नये. जोडणी आपोआप येते, म्हणून मराठीही आपोआप राहील, असे मुळीच नाही. उलट, जोडणी सर्व भाषांना सामाईक असेल, तर मराठी म्हणून जे काही आहे ते तिच्या शब्दांत, तिच्या तीन लिंगांत, ‘ने’ आणि ‘ला’ यांच्या जागांत, ‘असे तो म्हणाला’ अशा वळणांत, ‘वाचलीस’मधल्या एका ‘स’मध्ये आहे. या गोष्टी कोणी जन्माला येताना बरोबर आणीत नाही. त्या ऐकून येतात, आणि ऐकावयास मिळाल्या नाहीत तर एका पिढीत जातात. सारी भाषा वाहून नेणारा सांगाडा अभंग, पण अंगावरचे मांस मात्र रोजच्या अन्नावर पोसलेले, अशी ही अवस्था आहे.

म्हणून माळव्यातील, किंबहुना महाराष्ट्राबाहेरील कोणत्याही मराठी घरात, मुलांना हसणे पहिल्याने बंद करावे. हसण्याने मूल मराठी सुधारीत नाही. ते मराठी बोलावयाचे सोडते, आणि मग ऐकावयाचेही सोडते. एकेका शब्दापाशी अडवून ‘पुस्तक नपुंसकलिंगी, घोक’ असे सांगण्यापेक्षा, ‘कोणते पुस्तक हरवले? ते निळे, की काकांनी दिलेले?’ असे सहज विचारावे. एका प्रश्नात नपुंसकलिंग पाच वेळा कानावर पडले, आणि कोणाचा अपमान झाला नाही. मुलाला सुटे शब्द कमी आणि भरगच्च, पूर्ण वाक्ये अधिक ऐकवावी : गोष्ट सांगावी, भांडणाचा निवाडा मराठीत करावा, बाजाराची यादी मराठीत करावी, पत्र वाचून दाखवावे. त्याच्या मनातली यंत्रणा सज्ज आहे; तिला माल पुरविण्याचे काम घरातल्या मोठ्या माणसांचे आहे, आणि ते काम कोणतीही शाळा किंवा कोणतेही संमेलन त्यांच्या वतीने करू शकणार नाही.